रविवारी दुकानं उघडायची की बंदच ठेवायची? पुढच्या बुधवारी बैठक आहे, मतं हवीत

शटरवाला | रविवार, सकाळी ११:२०

मंडळी, नमस्कार. जळगाव जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी माझं कापडाचं दुकान आहे. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही, संघटनेतले निम्मे लोक इथे वाचतात.

आमच्याकडे आठवडे बाजार गुरुवारी आणि बाजारपेठ बंद रविवारी, ही पद्धत वडिलांच्याही आधीपासूनची. पाटीवरच रंगवलेलं आहे, 'रविवारी बंद'. आता अडचण अशी झालीय की हायवेला दोन मोठे मार्ट आले, ते सातही दिवस उघडे. मोबाइलवाले, बेकरीवाले, चपलांची दोन दुकानं यांनी गुपचूप अर्धं शटर सुरू केलं. आधी अर्धं, मग पाऊण, आता थेट पूर्ण. संघटनेत भांडण लागलं आणि बुधवारी बैठक बोलावलीय. विषय एकच, रविवारचा बंद ठेवायचा की काढून टाकायचा.

माझी बाजू आधीच सांगतो, मी उघडण्याच्या बाजूचा आहे. कारण बस्ता. लग्नाचा बस्ता बांधायला पंधरा-वीस माणसं येतात. नवरीची आत्या मास्तरीण असते, मामा रेल्वेत असतो, काका तहसीलला असतो. सगळे एकत्र मोकळे कधी? रविवारी. सरकारी कार्यालयांना २९ फेब्रुवारी २०२० पासून पाच दिवसांचा आठवडा झाला, म्हणजे शनिवार-रविवार दोन्ही मोकळे. शनिवारी घरची आवराआवर करतात आणि रविवारी गाडी काढतात. आमच्या पेठेत येऊन बघतात तर सगळी शटरं खाली. मग गाडी सरळ जळगाव, नाहीतर धुळे, मालेगाव. एक बस्ता गेला की तो घरासकट गेला. पुढे बाळंतविडा, मुंजीचे कपडे, दिवाळी, सगळं तिकडेच.

दुसरं म्हणजे पूर्वी रविवारी बँक बंद, म्हणून व्यापाऱ्याला व्यवहारच करता येत नव्हते. आता गिऱ्हाईक क्यूआर दाखवून पैसे देतं आणि मी रात्री सुरतच्या पार्टीला घरबसल्या पाठवतो. एनईएफटी डिसेंबर २०१९ पासून आणि आरटीजीएस डिसेंबर २०२० पासून चोवीस तास सुरू आहे. बंद ठेवायचं एक मोठं कारणच संपलं.

तुमच्या गावात काय चालतं ते लिहा. बैठकीत बोलायला मुद्दे हवेत.

---

पिंप्राळ्याचा_पंटर | रविवार, ११:३१

दुकान बंद आहे म्हणून तर तुम्हाला एवढं लिहायला वेळ मिळाला शेठ. पुढच्या रविवारी धागा कोण चालवणार?

---

जिभाऊ | रविवार, ११:५८

शटरवाला भो, तुनी गोट बठ्ठी पटनी. पन एक इचारू का? तू रोज नऊ वाजता दुकान उघाडस, रातले नऊ वाजता बंद करस. तुना घरना मानसे तुले कधय देखतस?

माझं अमळनेरला किराणा होतं, मुलाने आता सोडलं. माझ्या आयुष्यात किती लग्नं बुडाली त्याचा हिशेब नाही. भाच्याच्या लग्नात हळदीला नाही, फक्त अक्षता टाकायला गेलो आणि पंगतीला न बसता परत, कारण दुकानात पोऱ्या एकटा. हा जो रविवारचा बंद होता ना, तो संघटनेने दिला म्हणून मिळाला. समोरचा उघडा असेल तर आपण बंद ठेवूच शकत नाही, एवढं व्यापाऱ्याचं मन भित्रं असतं. सगळे बंद असले तरच झोप लागते.

---

हिशेबनीस | रविवार, दुपारी १:१५

मी शॉप अ‍ॅक्ट, जीएसटी, इन्कम टॅक्सची कामं करतो, म्हणून कायद्याचं तेवढं सांगतो. बैठकीत निम्मा वेळ 'कायद्याने बंद ठेवावंच लागतं' आणि 'नाही लागत' यात जाईल, तो वाचवा.

जुना कायदा १९४८ चा, मुंबई दुकाने व आस्थापना अधिनियम. त्यात स्पष्ट होतं की दुकान आठवड्यातून एक दिवस बंद असलंच पाहिजे. तो वार कोणता हे मालकाने ठरवून निरीक्षकाला कळवायचं आणि दुकानात लावायचं. तुमच्या पाटीवरचं 'रविवारी बंद' तिथून आलं. म्हणजे कायद्याला रविवारच हवा होता असं नाही, कोणताही एक वार चालत होता. गुरुवारी बाजार भरतो म्हणून तुमच्या गावाने रविवार घेतला. ज्या गावचा बाजार रविवारी, तिथे पेठेने दुसरा वार धरला.

नवा कायदा २०१७ चा, १९ डिसेंबर २०१७ पासून लागू. त्याने दुकान आणि कामगार या दोन गोष्टी वेगळ्या केल्या. दुकान वर्षाचे ३६५ दिवस उघडं ठेवा, हरकत नाही. पण कामगाराला आठवड्यातून एक दिवस, सलग २४ तास, सुट्टी द्यायची. त्याच्या सुट्टीच्या वारी काम करून घेतलं तर बदली सुट्टी द्यायची. जादा कामाला दुप्पट दराने पैसे. वर्षाला आठ किरकोळ रजा. ऑक्टोबर २०२५ मध्ये शासनाने निर्णय काढून पुन्हा सांगितलं की बार, दारूची दुकानं असे प्रकार वगळता दुकानं चोवीस तास चालवता येतात, मात्र कामगाराची २४ तासांची साप्ताहिक सुट्टी कायम.

आता यातली मेख. हा कायदा दहा किंवा जास्त कामगार असलेल्या आस्थापनांना लागू होता. दहापेक्षा कमी असतील तर मालकाने ऑनलाइन फक्त सूचना द्यायची, पावती काढायची, झालं. तास, सुट्टी, रजा ही कलमं त्याला लागत नाहीत. सप्टेंबर २०२५ मध्ये मंत्रिमंडळाने ही मर्यादा दहावरून वीस करायला आणि रोजचे तास नवाचे दहा करायला मंजुरी दिली. तुमच्या पेठेत वीस माणसं कामाला असलेली किती दुकानं आहेत, बोटं मोजून सांगा. एका हाताची पुरतील.

थोडक्यात, जुन्या कायद्यात दुकान बंद म्हणून नोकर घरी. नव्यात दुकान उघडं, आणि छोट्या दुकानातल्या नोकराची सुट्टी मालकाच्या मर्जीवर. रविवारचा सामूहिक बंद काढला तर त्यांना कोणत्या कागदाने सुट्टी मिळणार, याचं उत्तर बैठकीत कोणाकडेही नसेल.

---

पिंप्राळ्याचा_पंटर | रविवार, १:२२

हिशेबनीस काका, तुमची फी कुठे पाठवू?

---

काउंटरपलीकडची | रविवार, दुपारी ३:४०

मी साडीच्या दुकानात सेल्सगर्ल आहे. गाव सांगत नाही, दुकानही नाही. आज रविवार म्हणून घरी आहे. कपडे धुवून झाले, मुलाची प्रकल्पवही पूर्ण करून दिली, आता लिहिते.

सगळ्यांनी बस्त्याचं लिहिलं. बस्ता आमच्या बाजूने कसा असतो ते सांगते. मंडळी बारा वाजता येतात. शेठ गादीवरून म्हणतात, 'दाखव गं, चांगल्यातलं दाखव.' मी साठ-सत्तर साड्या उलगडते. प्रत्येकीचा पदर वेगळा धरून दाखवायचा, नेसल्यासारखा खांद्यावर टाकायचा. त्यांच्यासाठी चहा येतो, थंड येतं, पुरुषमंडळींना शेवभाजीच्या हॉटेलची चौकशी. चार वाजता सहा साड्या घेऊन ते जातात आणि उरलेल्या साड्यांच्या घड्या घालायला मी आणि अजून एक जण. घडी जुन्या मोडीवरच पडली पाहिजे, नाहीतर साडी 'हाताळलेली' दिसते आणि शेठ ओरडतात. या सगळ्या वेळात बसायचं नाही. काउंटरमागे स्टूल आहे, पण ते वरच्या फळीवरचा माल काढायला उभं राहण्यासाठी. पंखा गादीवर आहे, आमच्या बाजूला त्याचा वारा येत नाही. मे महिन्यात आपल्याकडे पारा पंचेचाळीसच्या वर जातो तेव्हा काय होत असेल ते तुम्हीच समजा. केरळने २०१८ मध्ये आणि तमिळनाडूने २०२१ मध्ये दुकानातल्या कामगारांना बसायला मिळालं पाहिजे असा कायदा केला, हे मी मोबाइलवर वाचलं तेव्हा दोनदा वाचलं.

लग्नसराईत आणि दिवाळीआधी आम्हाला आताही रविवारी बोलावतात. शटर अर्धं, आत काम चालू. त्याचे वेगळे पैसे नाहीत, वडापाव आणि चहा. 'आपलंच दुकान समज' असं म्हणतात. महिन्याचा पगार देताना मात्र खाडे बरोबर मोजलेले असतात.

तुम्ही म्हणाल, दुसऱ्या वारी सुट्टी घे. बुधवारी सुट्टी मिळाली तर मुलगा शाळेत, नवरा कामावर, आई भावाकडे. एकटीने घरी बसून मी काय करू? गहू निवडू? आणि खरं सांगू का, पाळीपाळीने सुट्टी असं ज्या दुकानांनी सुरू केलं, तिथे तीन महिन्यांत पाळी बंद पडली. आज गर्दी आहे, उद्या घे. उद्या माल येणार आहे, परवा घे. सगळी पेठ बंद असली की मला कोणाकडे काही मागावं लागत नाही.

---

शटरवाला | रविवार, सायंकाळी ४:२५

ताई, तुमचं लिहिणं पूर्ण वाचलं. स्टुलाचं मनाला लागलं. उद्या माझ्या दुकानात दोन खुर्च्या ठेवतो, त्याला बैठकीची गरज नाही.

पण माझाही प्रश्न आहे. माझ्याकडे चार जण कामाला आहेत. बस्ते असेच जात राहिले तर दोन वर्षांत दोघांना 'दुसरीकडे बघा' म्हणावं लागेल. मग त्यांना सातही दिवस सुट्टी. मार्टवाल्याकडे तीस माणसं आहेत, तो पाळ्या लावू शकतो, चारात कशा लावायच्या?

---

काउंटरपलीकडची | रविवार, ४:४१

चारात लागतात. रोज एकाला सुट्टी आणि गुरुवारी सगळे हजर. प्रश्न लावण्याचा नाही, पाळण्याचा आहे. लिहून भिंतीवर लावा, मग बोलू.

---

केळीवाला_रावेर | रविवार, रात्री ८:१०

दिवसभर घड कापणी चालू होती म्हणून आता लिहितोय. व्यापाऱ्याच्या ट्रकला रविवार माहीत नाही. केळी तयार झाली की झाली.

शेतकऱ्याच्या बाजूने एकच मागणी. कापडाचं तुम्ही काय ते ठरवा, पण मोटार भरून देणारा, पाइप-फिटिंगवाला आणि कृषी केंद्र यांना रविवारी बंद ठेवायला लावू नका. उन्हाळ्यात शनिवारी संध्याकाळी मोटार जळाली की रविवार पूर्ण कोरडा जातो. सोमवारी दहाला दुकान उघडणार, भरून मिळणार मंगळवारी. तीन दिवसांत खोड मान टाकतं. जूनमध्ये शनिवारी रात्री पाऊस पडला तर रविवारी सकाळी बियाणं हवं. तेव्हा कृषी केंद्रवाल्याच्या घरी जाऊन त्याला उठवावं लागतं, आणि तो मागच्या दाराने बियाणं देतो, बिल सोमवारच्या तारखेचं.

बाकी आमच्याकडे मजुराची सुट्टी बाजाराच्या वारी. त्या दिवशी आठवड्याचे पैसे द्यायचे, तो बाजार करतो, निम्मा दिवस शेतात कोणी नाही. अमावास्येला बैल जुंपत नाहीत, गवंडीही कामावर येत नाही. सालदार आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला ठरतो, त्याचं वर्ष तिथून सुरू. त्याला विचारा रविवार म्हणजे काय, तो म्हणेल टीव्हीवर सिनेमा लागतो तो वार.

---

मिलचा_भोंगा | रविवार, रात्री ९:०५

सालदारावरून आठवलं म्हणून लिहितो. रविवारची सुट्टी इंग्रजांनी चर्चसाठी आणली आणि आपल्याला आपोआप मिळाली, असा एक समज आहे. गोऱ्या साहेबाच्या ऑफिसला सुट्टी होती, गिरणीला नव्हती. गिरणी कामगारांसाठी ती मागितली नारायण मेघाजी लोखंडे यांनी. सत्यशोधक माणूस, १८८४ मध्ये मुंबईत गिरणी कामगारांची संघटना काढली, 'दीनबंधु' पत्र चालवलं. बरीच वर्षं अर्ज, सभा, सह्या झाल्यावर १० जून १८९० पासून गिरण्यांना रविवारची सुट्टी लागू झाली. रविवार खंडोबाचा वार, हाही एक मुद्दा त्यांच्या बाजूने होता.

माझे आजोबा अमळनेरच्या प्रताप मिलमध्ये साच्यावर होते. रविवारी डोक्याला तेल, दुपारी वरण-बट्टी आणि संध्याकाळी भजन, हा त्यांचा ठरलेला कार्यक्रम. मिल बंद पडल्यावरही रविवारीच तेल लावायचे.

गंमत बघा, जळगावला खान्देश मिल होती त्या जागेवर आता मॉल आहे आणि मॉलचा सगळा धंदाच रविवारचा. तिथे काम करणाऱ्या पोरांना रविवारी रजा मागायची सोय नाही.

---

भुसावळ_यार्ड | रविवार, रात्री ९:४०

आमच्या भुसावळला आठवडे बाजारच रविवारी. त्यामुळे हा वाद आम्हाला कळतच नाही. रविवारी गावात पाय ठेवायला जागा नसते. मी रेल्वेत, माझी साप्ताहिक विश्रांती रोस्टरप्रमाणे, कधी मंगळवार, कधी शुक्रवार. बायको शिक्षिका, तिला रविवार. अशा घरात वर्षातून किती वेळा सगळे एका ताटाला बसतात ते काउंटरपलीकडच्या ताईंनी बरोबर सांगितलं. सुट्टी मिळणं वेगळं आणि घरच्यांसोबत मिळणं वेगळं.

गाड्या थांबवता येत नाहीत, म्हणून आमचं ठीक आहे. साडी सोमवारी घेता येते.

---

ऱ्हाइनकाठ | सोमवार, पहाटे २:१५

मूळचा चोपड्याचा, सध्या जर्मनीत. इथे रविवारी दुकानं बंद म्हणजे बंद. पहिल्या आठवड्यात घरात दूध नव्हतं, तेव्हा रेल्वे स्टेशन गाठावं लागलं, कारण स्टेशन, पेट्रोल पंप आणि सकाळी काही तास बेकऱ्या एवढंच उघडं असतं. रविवारचं हे संरक्षण त्यांच्या राज्यघटनेतच आहे. १९१९ च्या वायमार घटनेतलं कलम आताच्या घटनेने तसंच उचललंय. बर्लिनने नाताळाआधीचे चारही रविवार दुकानं उघडायची परवानगी दिली होती, २००९ मध्ये घटना न्यायालयाने ती फेटाळली. चर्चने खटला केला होता, आणि कामगार संघटनाही रविवारच्या बाजूने चर्चसोबत उभ्या असतात. हे दोघे एका बाकावर बसलेले मी इतरत्र पाहिले नाहीत.

इंग्लंडात उलटं झालं. १९८६ मध्ये थॅचर बाईंच्या सरकारने रविवार खुला करायचं विधेयक आणलं आणि भरभक्कम बहुमत असून ते संसदेत हरलं. मग १९९४ मध्ये मधला मार्ग निघाला. २८० चौरस मीटरपेक्षा मोठं दुकान असेल तर रविवारी फक्त सलग सहा तास, सकाळी दहा ते संध्याकाळी सहाच्या दरम्यान. त्याहून लहान असेल तर हवं तेवढा वेळ. आणि दुकानातल्या कामगाराला रविवारी काम नाकारायचा हक्क त्याच कायद्यात दिला. बघा, आपल्याकडे छोट्याला कायद्यातून वगळलं की नोकराची सुट्टी जाते. तिथे छोट्याला सूट दिली ती मोठ्याशी टक्कर देता यावी म्हणून.

शटरवाला भाऊंना सगळ्यात उपयोगी पडेल ते पोलंडचं उदाहरण. २०१८ पासून त्यांनी रविवार टप्प्याटप्प्याने बंद केले, वर्षातले मोजकेच रविवार खुले. पण मालक स्वतः गल्ल्यावर उभा राहणार असेल तर दुकान उघडं ठेवता येतं. नोकराला बोलवायचं नाही. मोठ्या साखळी दुकानांनी यातून पळवाट काढली. आम्ही पोस्टाची पार्सलं घेतो-देतो म्हणजे आम्ही पोस्ट ऑफिस, असं म्हणून रविवारी उघडली. २०२२ मध्ये कायदा बदलून ती वाट बुजवावी लागली. पळवाटा काढण्यात आपणच हुशार असं समजू नका.

हंगेरीने २०१५ मध्ये रविवार बंद केला आणि वर्षभरातच, २०१६ मध्ये, लोकांच्या नाराजीमुळे पुन्हा उघडला. म्हणजे गिऱ्हाइकाला विचाराल तर त्याला दुकान उघडंच हवं असतं, हेही खरं.

---

पिंप्राळ्याचा_पंटर | सोमवार, सकाळी ७:५०

मालक स्वतः उभा राहणार! आमचे शेठ सत्तर साड्यांच्या घड्या घालताना बघायला मी तिकीट काढून येईन.

---

धुळेकर_ठोक | सोमवार, सकाळी ९:१०

ठोक बाजारातून लिहितो. आमच्याकडे रविवार बंद राहणारच, कारण हमाल येत नाहीत. माथाडी कायदा १९६९ चा, हमाल-मापाड्यांची संघटना पक्की, त्यांची सुट्टी कोणाच्या बापाला हलवता येत नाही. गाडी आली तरी सोमवारपर्यंत उभी. आधी व्यापारी चरफडायचे, आता सवय झाली आणि गाडी रविवारी पोचू नये असंच बुकिंग करतात. किरकोळ दुकानातल्या पोरांची संघटना नाही, त्यांचा रविवार हलतो. यात आणखी काही गूढ नाही.

शटरवाला, एक धंद्याचं विचारतो. रविवारी उघडल्यावर तुमचा आठवड्याचा गल्ला वाढेल की शनिवार-सोमवारचाच रविवारी येईल? बस्ता समजू शकतो. पण टॉवेल, परकर, शाळेचा गणवेश घेणारं गिऱ्हाईक रविवारी आलं म्हणून दोन टॉवेल जास्त घेणार आहे का? लाइट बिल, चहापाणी, एक दिवस जास्त. हिशेब मांडून बघा.

---

सातपुड्याखाली | सोमवार, सकाळी १०:३०

धडगाव, मोलगीकडे या. आमच्याकडे वार एकच, हाटाचा. त्या दिवशी पाड्यापाड्यांतून लोक उतरतात, बाकी सहा दिवस दुकान उघडं ठेवलं काय, बंद ठेवलं काय. होळीआधी भोंगऱ्या बाजार असतात तेव्हा दुकानदार झोपतसुद्धा नाही. रविवार बंद करा म्हणून कोणी आंदोलन केलं तर लोक विचारतील, रविवारी उघडं होतं कधी?

---

जिभाऊ | सोमवार, दुपारी १२:०५

आरे, कोणी भरीतनं बोलत नही का? थंडी पडनी, रविवारे मळामा भरीत पार्टी नही ते काय जगनं! दुकाने उघडी ऱ्हायनी ते वांगा कोन भाजी?

---

केळीवाला_रावेर | सोमवार, १२:२०

जिभाऊ, मळा माझा, वांगी बामणोदची, तुराट्या माझ्या. कळण्याची भाकर तुम्ही आणा. तारीख धाग्याबाहेर ठरवू, नाहीतर पंटर येईल.

---

हिशेबनीस | सोमवार, दुपारी १:३०

भरताआधी मुद्द्याचं. पोलंडवरून मला सुचलं ते असं. संघटनेला कायदा करता येत नाही, पण ठराव करता येतो आणि आजवरचा बंदसुद्धा ठरावावरच चालला होता. ठराव असा करा की रविवारी ज्याला उघडायचं त्याने मालक आणि घरची माणसं यांच्यावर चालवावं. पगारी माणूस बोलवायचा असेल तर लग्नसराईतले ठरावीक रविवारच, त्याची सुट्टी त्याच आठवड्यात दुसऱ्या वारी आणि रविवारचा दीड रोज रोख. मोटारवाले, कृषी केंद्रवाले, मेडिकल यांना मोकळीक. कोर्टात याला किंमत नाही हे मान्य. पण पेठेत चारचौघांत सही केलेली असली की मोडायला थोडी लाज वाटते.

मार्टवर मात्र तुमचा ठराव चालणार नाही. तिथे माणसं जास्त आहेत, म्हणून कायदा आहे. सुट्टी देत नसतील तर कामगाराने तक्रार करावी, बाकीच्यांनी नावं ठेवून उपयोग नाही.

---

काउंटरपलीकडची | सोमवार, रात्री १०:१५

काका, 'घरची माणसं' कोण हे पण लिहा. आमच्या शेठनी मला परवाच सांगितलं, तू तर घरचीच आहेस.

---

शटरवाला | गुरुवार, रात्री १०:५०

बाजाराचा दिवस होता, आत्ता मोकळा झालो. बैठक काल झाली. साडेआठला बोलावली, सव्वानऊला सुरू, पावणेबाराला उठलो. पहिला तास चपलांच्या दोन दुकानदारांच्या भांडणात गेला, ते रविवारचं नव्हतं, ओट्याचं होतं.

निर्णय असा. सरसकट बंद काढला नाही, सरसकट ठेवलाही नाही. हिशेबनीस काकांचा मसुदा मी वाचून दाखवला. 'दीड रोज' ऐकल्यावर गलका झाला आणि तो शब्द गळाला. त्या जागी 'योग्य मोबदला' आला, म्हणजे काय ते कोणी सांगितलं नाही. लग्नसराईतले रविवार उघडे, बाकी रविवारी फक्त मालकाने चालवायचं. शेती आणि औषधाची दुकानं मोकळी. 'घरची माणसं' म्हणजे शिधापत्रिकेवर नाव असलेली, हे मीच घालायला लावलं. ताई, त्यावर हशा झाला पण कोणी विरोध केला नाही. होळीपर्यंत करून बघायचं, मग पुन्हा बैठक.

सह्या मात्र बावीस जणांनीच केल्या. बाकीचे 'घरी विचारून सांगतो' म्हणाले. मार्टवाल्यांना निमंत्रण दिलं होतं, त्यांचा मॅनेजर आला, कोपऱ्यात बसला, चहा पिऊन गेला.

धुळेकर, तुमचा हिशेब मांडला. बस्ते सोडले तर रविवारी गल्ला वाढण्यासारखं माझ्याकडे काही नाही. त्यामुळे बस्त्यांच्या रविवारीच उघडणार. चौघांच्या सुट्टीचा तक्ता केला आणि गल्ल्यामागे लावला. पहिल्याच आठवड्यात एकाने दुसऱ्याशी वार बदलून मागितला, कारण सासुरवाडीला जावळं आहे. तो बदल तक्त्यावर लाल पेनाने लिहिलाय.

---

काउंटरपलीकडची | गुरुवार, रात्री ११:०८

तक्ता गल्ल्यामागे नको, गिऱ्हाइकाला दिसेल असा लावा. आणि दादा, आमच्या शेठची सही आहे का त्या बावीसात? साडीवाले, पेठेच्या तोंडाशी. नाव लिहू नका, फक्त हो की नाही सांगा.

---

शटरवाला | गुरुवार, रात्री ११:१५

त्या तोंडाला साडीची तीन दुकानं आहेत ताई. दोघांची आहे.